पहिली भेट लिहायची असेल तर आधी डीपीचा फ्यूज उडवा

माझ्या पहिल्या प्रेमकथेत तो आणि ती ग्रंथालयाच्या पायऱ्यांवर एकमेकांना धडकले होते. तिच्या हातातली पुस्तकं पडली, दोघं एकदमच खाली वाकले, कपाळाला कपाळ लागलं. कथा एका दिवाळी अंकाला पाठवली. दीड महिन्यानं परत आली. पानाच्या कडेला संपादकांनी पेन्सिलीनं एवढंच लिहिलं होतं : ‘पुस्तकं कोणती होती?’

प्रश्न बारका होता, पण उत्तर माझ्याकडं नव्हतं. ती पुस्तकं नुसती पडण्यासाठी आणलेली होती. ती परत द्यायला निघाली होती की घेऊन चालली होती, पुस्तकं परीक्षेची होती की कवितांची, दंड भरायचा राहिला होता का, यातलं काहीच मला ठाऊक नव्हतं. पुस्तकं खोटी म्हणून धडक खोटी, आणि धडकच खोटी म्हटल्यावर पुढची बावीस पानं कोण कशाला वाचेल?

त्यानंतर बऱ्याच कथा लिहिल्या, काही छापूनही आल्या. आता नवी मुलं-मुली लिहिलेलं दाखवायला येतात तेव्हा दिसतं, की पुस्तकं अजून पडतच आहेत. फार तर पुस्तकाऐवजी मोबाइल पडतो, ओढणी स्कूटीच्या चाकात अडकते, नाहीतर पावसात दोघांत एकच छत्री असते. छत्री! आमच्या लातूर जिल्ह्यातल्या औशाकडं पाऊस आला तर माणसं भिजायला बाहेर येतात.

तेव्हा एक भेट पहिल्यापासून शेवटपर्यंत तुमच्यासमोरच रचून दाखवतो. सोबत कागद घेऊन बसा आणि तुमची भेट शेजारी रचत चला.

आधी दोघांना कामाला लावा

कागदाच्या वर दोन ओळी लिहा : त्या दिवशी ती कशासाठी घराबाहेर पडली होती, आणि तो कशासाठी. ‘सहज’, ‘फिरायला’, ‘मैत्रिणीकडं’ हे शब्द चालणार नाहीत. काम असं हवं की ते त्या दिवशीच उरकलं पाहिजे, आणि नाही उरकलं तर घरी बोलणी बसतील.

उदाहरणार्थ, परभणीचं कृषी विद्यापीठ १९७२ साली १८ मेला स्थापन झालं, आणि त्या तारखेला तिथं खरीप मेळावा भरतो. विद्यापीठाचं बियाणं घ्यायला लांबलांबून शेतकरी येतात. रांगेत पुढं एक मुलगी आहे, वडिलांच्या जागी आलेली, मागं एक मुलगा आहे, आणि तुरीच्या त्या वाणाची पिशवी उरली आहे एकच. बघा, अजून दोघांची नावंही ठरली नाहीत, तरी काहीतरी घडणार हे वाचणाऱ्याला कळलं. तिला पिशवी हवी, त्यालाही हवी. प्रेमाचा कुणाच्याच मनात विचार नाही, आणि पहिल्या भेटीच्या वेळी तो नसलेलाच बरा.

जाता जाता एक सांगतो. बरेच जण लातूरच्या ट्युशन एरियात भेट घडवायला जातात, कारण तिथं तरुण गर्दी आहे. पण ती गर्दी सोळा-सतरा वर्षांच्या लेकरांची आहे, घर सोडून खोलीवर राहणारी, डोक्यावर ‘नीट’ परीक्षेचं ओझं असलेली. त्यांना त्यांचा अभ्यास करू द्या. तिथंच मेस चालवणारी बाई आहे, झेरॉक्सवाला आहे, मेडिकलवर बसणारी फार्मसी झालेली मुलगी आहे. सगळी सज्ञान आणि कामात बुडालेली माणसं. ती घ्या.

कॅलेंडर खिळ्यावरून काढून टेबलावर ठेवा

ठिकाण सगळेच नीट निवडतात, तारीख कुणीच निवडत नाही. आणि मराठवाड्यात तारखेवर ठरतं की माणूस गावात आहे का, खिशात पैसा आहे का, नळाला पाणी आहे का.

पात्रं धारूर-वडवणी-केजकडची ऊसतोडीतली असतील, तर दसरा-दिवाळीनंतर ती गावात नसतात. टोळी कारखान्यावर गेलेली असते, ती गुढीपाडव्याच्या आगेमागे परत येते. जानेवारीत त्या गावच्या पारावर तरुण माणसं भेटवलीत तर बीडचा वाचक तिथंच अंक मिटवेल. पारावर तेव्हा म्हातारी माणसं असतात आणि त्यांच्याजवळ ठेवलेली नातवंडं. ती भेट उसाच्या फडातच व्हायला हवी, पहाटेच्या थंडीत, मोळ्या वाहताना. फडात दोघांचा मिळून एक ‘कोयता’ धरतात, बहुधा नवरा-बायकोचा. एकट्या माणसाला ‘अर्धा कोयता’ म्हणतात. मुकादमाच्या वहीतल्या या हिशेबातच एक प्रेमकथा दडलेली आहे. मला ती पेलणारी नाही. ज्यानं फड पाहिलाय त्यानं लिहावी.

काळही तसाच जपायचा. एका मुलानं २०१६ च्या उन्हाळ्यातली लातूरची भेट लिहून आणली होती. टाकीजवळ पाण्याची रांग, हंड्याला हंडा लागतो, नजरानजर. कल्पना वाईट नव्हती. पण त्या वर्षी मार्चमध्ये शहरातल्या पाण्याच्या टाक्यांजवळ जमावबंदी लावलेली होती, पाच माणसांनी एकत्र यायचं नाही. एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं, पहिल्या खेपेला दहा वाघिणी (डबे), पाच लाख लिटर. मी त्याला म्हटलं, तुझ्या रांगेत चाळीस माणसं आहेत, ती काप. जमावबंदीत दोघांना भेटायला कुणाची ना नाही, पाचवा माणूस येईपर्यंत वेळ आहे. त्यानं तसंच लिहिलं : लांबून तिघं येताना दिसतात आणि दोघांनाही कळतं, की आता आपल्यातल्या एकाला निघावं लागेल. ती भेट पहिल्यापेक्षा दसपट चांगली झाली, आणि ती त्याला आदेशानं दिली.

जत्रा घ्यायच्या असतील तर भरपूर आहेत. फेब्रुवारीत परभणीचा उरूस, फाल्गुनात पैठणची नाथषष्ठी, मार्गशीर्षात माळेगावच्या खंडोबाची जत्रा, तिथं घोडे, उंट आणि गाढवं विकायला येतात. फक्त जत्रेत पाळण्यावर बसवू नका. गाढवाचा सौदा चालू असताना भेटवा.

मी माझ्या भेटीसाठी येळवस निवडली.

बाहेरच्या वाचकांसाठी थोडं सांगतो. येळवस म्हणजे वेळा अमावस्या, मार्गशीर्षातली. लातूर-धाराशिवकडं आणि लगतच्या भागात या दिवशी गावं ओस पडतात, सगळे रानात. ज्वारी हुरड्याकडं निघालेली असते, हरभरा घाट्यावर असतो. कडब्याच्या पेंढ्यांची खोप, तिच्यात पांडव म्हणून मांडलेले पाच दगड, समोर पूजा. बिंदगीतली, म्हणजे छोट्या मडक्यातली आंबील, भज्जी, बाजरीचे उंडे, तिळाची पोळी, गव्हाची खीर. ज्याला रान नाही त्याला मित्र बोलावून नेतो. बांधावरून जाणाऱ्या परक्या माणसालाही हाक मारून पंगतीला बसवतात, आणि तो नाही म्हणू शकत नाही.

लेखकानं हा सण नीट बघावा. अनोळखी माणसाला न जेवता परत जाऊ द्यायचं नाही, असा नियमच आहे. जिला तिथून लवकरात लवकर निघायचंय अशी एक पाहुणी आता शोधायची.

भांडण असं हवं की दोघंही बरोबर

ती वीज कंपनीत विद्युत सहाय्यक आहे. गावाच्या भाषेत लायनमन मॅडम. तिचं नाव अर्चना. (दीपा ठेवायचा मोह झाला होता, आवरला.) तो बालाजी, आमच्याकडं गल्लीत ‘बालाजी’ म्हणून हाक मारली तर दोघं-तिघं वळतात, म्हणूनच हे नाव. तो संभाजीनगरजवळ वाळूजला कंपनीत आहे, येळवशीला सुट्टी काढून आलाय. रानात पन्नास माणसं जेवायला यायची आहेत आणि ऐन वेळी लाइन गेली. मोटार बंद, हौद कोरडा. बालाजीनं शहरात राहून शिकलेली गोष्ट केली : तक्रार नोंदवली. गावात कुणी असं करत नाही.

ती आली. तिनं पाहिलं, डीपीचा, म्हणजे रानातल्या ट्रान्सफॉर्मरचा फ्यूज उडालाय, आणि उडालाय तो चोरून वीज घ्यायला लाइनवर टाकलेल्या आकड्यामुळं. आकडा कुणाचा? बालाजीच्या तात्यांचा, म्हणजे चुलत्यांचा. बालाजीला हे माहीतच नव्हतं. त्यानं स्वतः फोन करून स्वतःच्याच घरावर कारवाई आणली.

इथं थांबून एक तपासणी करा : दोघांपैकी कुणी मूर्ख किंवा वाईट आहे का? नवशिक्यांच्या भेटीत बहुतेक वेळा तो उर्मट असतो आणि ती फणकाऱ्याची. दोघं विनाकारण भांडतात, आणि विनाकारण भांडणारी माणसं वाचकाला लोभस वाटावीत असं लेखकाला वाटतं. इथं मात्र आकडा काढणं तिचं कामच आहे. पाहुण्यांना पाणी मिळालं पाहिजे हे त्याचं म्हणणंही रास्त आहे. तात्यांचीही बाजू आहे, कागद दिलेत पण जोडणी मिळाली नाही. असं असलं की कुणाला ओरडावं लागत नाही.

आणि पाठलाग तर नकोच. मुलानं तिच्या गाडीमागं गाडी लावली, वाट अडवली, मित्रांकडून नाव काढलं, हे लोभस म्हणून लिहिलेलं मी अजूनही वाचतो. आपल्याकडं त्याचा हिशेब तिला चुकवावा लागतो : चार दिवसांत घरी कळतं, कॉलेज बंद होतं, स्थळं बघायला सुरुवात होते. हे माहीत असलेली वाचक तुमच्या नायकाला कधीच माफ करणार नाही.

तिसरा माणूस

शहरातल्या कथांत दोघं एकटे भेटतात. आपल्याकडं कुठं भेटतात? एसटीत शेजारी बसलेली मावशी ‘गाव कोणतं, कुणाची तू’ विचारून झालेली असते. रानात सालगडी असतो, बांधावर शेजारी असतो, दुकानात मालकाचा म्हातारा बाप खुर्चीवर पेंगत असतो आणि सगळं ऐकत असतो. नवे लेखक या माणसाला अडथळा समजून कथेतून हाकलून देतात. मी म्हणतो, त्याला मधोमध बसवा.

कारण तिसरा समोर असला की दोघांना एकमेकांशी थेट बोलता येत नाही, आणि मग ती दोघं त्याच्यातून बोलायला लागतात. त्याला तिला विचारायचंय की अजून थोडं थांबाल का. पण तो आज्जीला म्हणतो, “आज्जी, भज्जी गरम व्हायला किती वेळ?” तिला कळतं. आज्जीला तर आधीच कळलेलं असतं. वाचकालाही कळतं, आणि आपल्याला कळलं म्हणून तो खूश होतो. एवढं साधलं की वेगळं ‘तिचे डोळे बोलके होते’ लिहावं लागत नाही.

तिसऱ्याला स्वतःचा स्वार्थ मात्र द्या. माझ्या भेटीत दोन तिसरे आहेत. तात्यांना आकडा वाचवायचाय, आज्जीला पाहुणीला जेवू घालायचंय.

मुलगी बघायचा कार्यक्रम असेल तर तिसऱ्यांची पंगतच बसते, पण तिथं अडचण वेगळी. दोघं कशाला भेटलेत हे सगळ्यांना आधीच माहीत असतं, त्यामुळं हळूच कळायला काही उरत नाही. तशी भेट लिहायचीच असेल तर घराबाहेर सुरू करा. पाहुण्यांची जीप चौकात थांबते, नवरा मुलगा उतरून हापशावरच्या मुलीला विचारतो, अमक्याचं घर कुठं. ती शांतपणे उलट्या गल्लीत पाठवून देते, कारण तिला घरी जाऊन केस विंचरायला अर्धा तास हवाय.

ताई, दादा आणि मॅडम

आता ज्या गोष्टीसाठी हा लेख लिहायला घेतला तिच्याकडं येतो.

आपल्याकडं अनोळखी तरुण मुलीला हाक काय मारतात? ताई. आणि तरुण मुलाला? दादा, नाहीतर भाऊ. म्हणजे प्रेमकथेचा नायक पहिल्याच वाक्यात नायिकेला बहीण करून टाकतो. पुस्तकी मराठीत लिहिणारे याला बगल देतात, त्यांची पात्रं ‘एक्स्क्यूज मी’ म्हणतात. ते पुण्यात खपेल, निलंग्याच्या बसस्टँडवर नाही.

मला हा प्रश्न बरीच वर्षं छळत होता. मग एकदा लातूरच्या अडत बाजारात सोयाबीन घेऊन गेलो असताना काट्यावर पावत्या लिहिणारी एक मुलगी पाहिली. येईल त्याला दादा म्हणत होती : हमाल दादा, टेंपोवाला दादा, मीही दादा, आणि माझे केस तर तेव्हाच पांढरे झाले होते. एका पोराला मात्र ती म्हणाली, “ओ, पावती राहिली तुमची.” दादा नाही. नुसतं ‘ओ’. त्या पोराला ते कळलं की नाही कुणास ठाऊक. मी मात्र घरी येऊन पहिल्यांदा तेच वहीत लिहिलं.

तेव्हा असं करा. नायिकेला चार जणांना दादा म्हणू द्या, मोकळेपणानं, सवयीनं. पाचव्याच्या वेळी तो शब्द गाळा. वाक्य अर्धवट ठेवा, ‘ओ’ म्हणू द्या, नाहीतर सरळ क्रियापदानं सुरू करा. तिला स्वतःलाही ते लक्षात यायला नको. गाळलेल्या शब्दावर बोटही ठेवू नका. ‘तिनं त्याला दादा म्हटलं नाही’ असं लिहिलंत की संपलं.

त्याच्या बाजूनं सोपं आहे, ती ऑफिसच्या कामावर आहे म्हणून तो ‘मॅडम’ म्हणू शकतो. हा एक फायदा नोकरी करणाऱ्या नायिकेचा. दोघं एकमेकांना ‘तुम्ही’च म्हणतील, पहिल्या भेटीत ‘तू’वर येऊ देऊ नका. ते तुमचं पुढच्या प्रकरणाचं भांडवल आहे. म्हातारी माणसं तिला ‘लेकी’, ‘पोरी’ म्हणतील आणि लगेच अरे-तुरेवर येतील, आज्जी तर आडनाव विचारण्याआधीच.

आडनावाचं बोललो म्हणून सांगतो. ‘गाव कोणतं, आडनाव काय’ हा प्रश्न आपल्या पहिल्या भेटीत येतोच, आणि तो कशासाठी येतो हे सगळ्यांना माहीत असतं. तुमच्या कथेत पुढं जात आडवी येणार असेल तर तो प्रश्न इथंच, हसतखेळत, कुणा म्हाताऱ्याच्या तोंडून येऊ द्या. उत्तर ऐकून पंगतीत एक क्षण कुणी काही बोलणार नाही, तेवढंच लिहा. तसं काही येणार नसेल तर प्रश्न आणूच नका, वाचक उगाच वाट बघत बसतो.

बोली किती घालायची

औसा-निलंग्याकडं ‘काय करूलालाव’, परभणी-नांदेडकडं ‘काय करायलाव’, संभाजीनगरच्या जुन्या मोहल्ल्यांत मराठी बोलतानाही मधेच ‘नक्को’ आणि ‘हौ’. हा फरक पाळा. सगळ्या मराठवाड्याला एकच ‘लै भारी’ चिकटवू नका. आणि निवेदनात बोली नको असेल तर ती संवादात ठेवा, तीही वयाप्रमाणं : तात्या पूर्ण बोलीत, अर्चना कामाचं बोलताना प्रमाण आणि चिडली की बोलीत, बालाजी वाळूजहून आल्यामुळं पहिला तास सांभाळून. जेवायला बसला की त्याचीही घसरेल.

आता लिहा

हे लिहिताना मी एकच नियम पाळला : प्रत्येक वाक्यात कुणाच्या तरी हातात काहीतरी असेल.

“शिडी धरा,” ती म्हणाली.

बालाजीनं शिडी धरली. पोलाच्या दोन्ही बाजूंना हरभरा होता आणि शिडीचा एक पाय भुसभुशीत मातीत जात होता. त्यानं तिथं दगड सरकवला.

“तक्रार तुमचीच ना?”

“हो. डीपी जळाली म्हणून.”

“डीपी जळली नाही. फ्यूज उडालाय. का उडाला ते दाखवते.” तिनं सबस्टेशनला फोन लावून लाइन बंद करून घेतली, पुन्हा एकदा विचारून खात्री केली, हातमोजे चढवले. “वर बघा.”

वर तारेला वाकवलेला आकडा लटकत होता. काळी वायर पोलावरून खाली, बांधाच्या कडेनं, तुरीतून, सरळ विहिरीकडं गेली होती. बालाजी वायरीमागं नजर फिरवत विहिरीपर्यंत पोहोचला आणि तिथून तात्यांपर्यंत. तात्या हरभऱ्याचे घाटे मोजत होते.

“ह्ये व्हय,” तात्या म्हणाले. “वाऱ्यानं पडलं असंल, लेकी.”

“गाठ बी वाऱ्यानंच मारली?” वरून आवाज आला.

बालाजीला हसू आलं. शिडी हलली.

“हसायचं तर शिडी सोडून हसा.”

आकडा खाली आला. “दादा, ती वायर गुंडाळून बाजूला ठेवा,” ती गड्याला म्हणाली. बैल बघायला आलेल्या पोरांना म्हणाली, “दादांनो, मागं सरका.” पाण्याचा तांब्या घेऊन आलेल्या पाहुण्याला म्हणाली, “ठेवा दादा तिथंच.” मग खाली बघून म्हणाली, “आता सोडा शिडी. उतरते.”

आज्जी खोपीपाशीच होती. “हात धू, पोरी. पान वाढलंय.”

“नको आज्जी. अजून तीन डीपी राहिल्यात.”

“तीन ठिकाणी अजून जेव. पर हितं आधी. येळवशीचं रानात आलेलं माणूस उपाशी जात नसतंय. अन् तू तर आमचाच आकडा काढून चालूलालीस.”

ती बालाजीकडं बघायला लागली, जणू हे त्यानंच सांगायला लावलंय. त्यानं तांब्या उचलला. तिच्या हातांवर पाणी ओततांना तो म्हणाला, “जपून. मोटार बंद आहे, एवढंच पाणी आहे.”

“फ्यूज टाकलाय. करा चालू.”

“आमची मोटार आता कशावर चालणार?”

“शेजाऱ्यांची रीतसर आहे, तिच्यावरनं आज हौद भरून घ्या. तुमच्यासाठी नव्या जोडणीचं कोटेशन भरा.”

“किती दिवस लागतात?”

“कागद नीट असले तर लागत नाहीत जास्त.” तिनं हात झटकले. “ऑफिसला यावं लागतं. दोन-तीनदा.”

बालाजीनं तोंड उघडलं.

“मी येतो की उद्याच,” तात्या म्हणाले.

आता कात्री

पहिल्या खर्ड्यात शेवटचं वाक्य बालाजीचं होतं : “येतो मी.” आठवडाभर मला ते आवडत होतं. मग कळलं, की तो ‘येतो’ म्हणाला की वाचकाला हवं ते मिळालं आणि त्याची भूक मेली. तात्यांना बोलायला लावलं तेव्हा ते जमलं. तिसऱ्याला मधोमध बसवा म्हणालो ते यासाठीच.

आणखी काय कापलं ते सांगतो. वाऱ्यावर उडणारी तिची बट. हेल्मेट घातलंय, बट कुठून उडणार. ‘त्याच्या काळजात वीज चमकली’ हे वाक्य; लायनमनच्या कथेत हे लिहिणाऱ्याला दंड केला पाहिजे, आणि मी लिहिलं होतं. बालाजीची नोकरी, पगार, मोडलेलं लग्न, सगळं एका परिच्छेदात होतं, ते पुढच्या प्रकरणात गेलं. पहिल्या भेटीत माणसाबद्दल तेवढंच कळावं जेवढं शिडी धरताना कळतं : दगड सरकवतो, हसू आवरत नाही. अर्चनाचं वर्णनही एकच उरलं, हातमोजे घालण्याआधी दुसऱ्यांदा फोन करून खात्री करते ती. तिच्या स्वभावावर मी दोन पानं लिहिली असती तरी याहून जास्त काही सांगून झालं नसतं.

कामाचे तपशील जाणत्या माणसाला दाखवून घ्या. माझ्या खर्ड्यात ती लाइन चालू असतानाच काठीनं आकडा ओढत होती. ओळखीच्या एका लायनमननं वाचून माझ्याकडं असं बघितलं, की मी तिथंच पेन काढलं. शेतीची लाइन कधी दिवसा असते, कधी रात्री, हेही त्यानंच ध्यानात आणून दिलं. त्या आठवड्यात रात्रपाळी असती तर दुपारी बारा वाजता फ्यूज उडण्याचा प्रश्नच नव्हता.

दुसऱ्या भेटीचं बी

भेट संपताना दोघांपैकी एकाकडं दुसऱ्याची एखादी वस्तू राहिली पाहिजे. रुमाल, पेन, चिठ्ठी नको. त्या वस्तू मुद्दाम ठेवल्यासारख्या वाटतात. जी परत करावीच लागेल अशी हवी.

माझ्याकडं ती आयतीच होती. अर्चना अर्धंच पान जेवली, तीन डीपी राहिल्या होत्या. आज्जीनं उरलेलं भरून दिलं, भज्जी आणि चार उंडे, स्टीलच्या डब्यात. तो डबा आज्जीच्या सुनेच्या लग्नातला, झाकणावर नाव आणि तारीख कोरलेली, आपल्याकडच्या भांड्यांवर असते तशी. म्हणजे डबा कुणाचा हे विसरायची सोय नाही. आणि रिकामा डबा कुणी परत देत नसतं, हे अर्चनाला तिच्या आईनं शिकवलेलं आहे.

“डबा तात्याच्या हाती देऊ नगंस,” आज्जी तिला गाडीपाशी म्हणाली. “इसरभोळं हाय. ह्यो बालाजी येईल न्यायला.”

मी इथवर आलोय. डबा सध्या तिच्या ऑफिसात, कोटेशनच्या फायलींच्या ढिगाशेजारी आहे. त्यात ती काय भरून देईल ते ठरत नाही. शेंगदाण्याचे लाडू फार सोपे होतात, कुंथलगिरीचा पेढा घालायचा तर तिला तिकडं जायला कारण द्यावं लागेल. बालाजीची सुट्टी परवा संपते.